माणसांच्या घरी परत परत जाणारा कॅमेरा

सिनेमाला वेळेवर पोचणे ही आपल्याकडे कित्येक वर्षे एक शिक्षाच मानली जाई. कारण मुख्य चित्रपट सुरू होण्याआधी फिल्म्स डिव्हिजनचा अनुबोधपट दाखवीत. ही सरकारी संस्था १९४८ साली मुंबईत स्थापन झाली आणि तिची चित्रे दाखवण्याचे थिएटरवाल्यांवर बंधन होते. एखादे धरण, एखादा कारखाना, भातलागवडीची नवी पद्धत, आणि या सगळ्यांवर एक भरदार आवाज. लोक तेवढ्या वेळात बाहेर उभे राहून शेंगदाणे खात. त्या चित्रांपैकी काही फार चांगली होती हे आपल्याला पुढे कळले, पण तो विषय निराळा. त्यांत माणसे नसत असे नाही. मात्र ती धरणाच्या कडेला उभी असत. त्यांचे नाव काय, घरी कोण कोण, काल रात्री घरात भांडण झाले की काय, असले प्रश्न कोणी विचारीत नसे.

मग अनुबोधपट असल्या प्रश्नांचाच करता येईल काय? म्हणजे धरण नाही, कारखाना नाही; एक घर, त्यात एक नवरा-बायको, फार तर एक मूल. आणि त्यांचे विशेष असे काहीच नाही. एवढ्या भांडवलावर चित्रपट होतो का? प्राग शहरात राहणाऱ्या एका बाईंनी पन्नास वर्षांहून अधिक काळ जवळजवळ याच एका प्रश्नाचा पाठपुरावा केला आहे. त्यांचे नाव हेलेना त्रशेश्तीकोवा. या आडनावातला एक वर्ण 'र' आणि 'श' एकाच दमात म्हटल्यासारखा उच्चारायचा असतो, आणि तो आपल्या जिभेला काही केल्या वळत नाही. तेव्हा आपण त्यांना सरळ हेलेनाबाई म्हणू.

हेलेनाबाईंचा जन्म १९४९ सालचा, प्रागमधलाच. तिथे 'फामू' नावाची चित्रपटकलेची नामांकित शाळा आहे. मिलोश फोरमनसारखे दिग्दर्शक तिथूनच बाहेर पडले. त्याच शाळेत अनुबोधपटाचे शिक्षण घेऊन बाई सत्तरीच्या दशकात कामाला लागल्या. देश तेव्हा चेकोस्लोव्हाकिया होता, राज्य कम्युनिस्ट पक्षाचे. चित्रपट काढायचा तर तो सरकारी संस्थेतूनच. सुरुवातीला त्यांच्या एका मैत्रिणीला दिवस गेले होते, तिच्यावर त्यांनी १९७५ साली एक छोटे चित्र केले. 'चमत्कार' असे त्याचे नाव. पोटात मूल वाढते, जन्माला येते, घरात आणले जाते, बस्स, एवढेच. चित्र पुरे झाले, दाखवून झाले. आता एखाद्या दुसऱ्या दिग्दर्शकाने पुढचा विषय शोधला असता. बाईंच्या मनात मात्र एक साधी शंका राहिली असावी: मूल तर आता कुठे जन्मले आहे, मग चित्र पुरे कसे झाले? त्या त्या घरी जात राहिल्या. या जाण्याचे पुढे काय झाले ते ओघाने येईलच.

त्यांचे नाव झाले ते मात्र लग्नांमुळे. १९८०च्या सुमारास त्यांनी सहा जोडपी निवडली. सगळी विशी-बाविशीच्या आसपासची, नुकतीच लग्नाला उभी राहिलेली. तिकडे लग्न नगरभवनात लागते; अधिकारी गळ्यात बिल्ला घालून दोन शब्द बोलतो, दोघे सह्या करतात, की झाले. त्या दिवसापासून पुढे सहा वर्षे कॅमेरा या सहा बिऱ्हाडांत अधूनमधून जात राहिला. १९८७ साली 'वैवाहिक अभ्यास' या अर्थाच्या नावाने ही मालिका पुरी झाली.

काम किती अवघड, त्याची थोडी कल्पना द्यायला हवी. पहिली अडचण कागदाची. सरकारी व्यवस्थेत चित्रपटाची संहिता आधी लिहून मंजूर करून घ्यायची असते. आता सहा वर्षांनी कोणाचा संसार कसा असेल हे आज कसे लिहून देणार? दुसरी अडचण फिल्मची. सोळा मिलिमीटरच्या फिल्मचे चारशे फुटांचे रीळ असते, आणि ते सुमारे अकरा मिनिटांत संपते. फिल्म महाग, आणि मोजून मिळणारी. तेव्हा कॅमेरा लावून ठेवून 'काय होईल ते पाहू' अशी चैन परवडत नसे. बोलणे केव्हा रंगात येते आहे हे ऐकून ओळखायचे आणि मगच बटण दाबायचे. आणि बहुतेक वेळा होते असे की महत्त्वाचे भांडण परवाच होऊन गेलेले असते! मग उरते काय, तर त्या भांडणानंतरची स्वयंपाकघरातली शांतता. ही शांतता टिपण्याचीच बाईंना पुढे सवय लागली असे मला वाटते. त्यांच्या चित्रांत आदळआपट फारशी नसते. असते ती कोपऱ्यात वाळत घातलेली मुलाची दुपटी, टेबलावरचा राखेचा डबा, आणि प्रश्नाचे उत्तर देण्याआधी नवऱ्याकडे एकदा पाहून घेणारी बायको.

तिथल्या नव्या जोडप्यांची सर्वांत मोठी रड जागेची. स्वतःची खोली मिळायला वर्षानुवर्षे लागत, तोवर सासूसासऱ्यांच्या किंवा आईबापांच्या घरात एका खोलीत संसार. मुंबईकराला यातले काही समजावून सांगायला नको. समाजवादी राज्यातल्या अधिकृत चित्रांत तरुण जोडपी हसतमुखाने नव्या वसाहतीत राहायला जात. बाईंनी सरकारवर एक शब्द टीका केली नाही. त्या फक्त त्या खोलीत गेल्या आणि तिथे किती माणसे झोपतात ते दाखवले.

या पद्धतीला चेक भाषेत एक सुरेख शब्द आहे. त्याचा शब्दशः अर्थ होतो 'काळ गोळा करणे'. आपल्याकडे शेतात कापूस वेचतात, रानात लाकूडफाटा वेचतात, तसा काळ वेचायचा. शब्द ऐकायला काव्यमय आहे, पण प्रत्यक्षातले काम अगदी रुक्ष: वर्षातून काही वेळा जायचे, तेच तेच विचारायचे. कसे चालले आहे? कामधंदा काय? पैसे पुरतात का? पुढे काय करणार? मग चित्रण डब्यात घालून ठेवून द्यायचे आणि वाट पाहायची. वाट पाहणे हाच यातला निम्मा धंदा.

आणि मग एक दिवस ते डबे उघडून तुकडे एकापुढे एक लावले की एक विलक्षण गोष्ट घडते. एका दृश्यात मुलगी सांगते आहे, माझा नवरा तसा नाही. पुढच्याच दृश्यात तीच मुलगी. केस आखूड, डोळ्यांखाली काळे. आणि पडद्याच्या खालच्या कडेला साल बदललेले. मध्ये काय झाले ते कोणी सांगत नाही. सांगायची गरजही नसते. कादंबरीकाराला जे दोनशे पानांत जमवावे लागते ते इथे दोन तुकड्यांच्या सांध्यात आपोआप येते. नट-नटीला रंगरंगोटी करून म्हातारे करता येते हे खरे, पण आवाजातला उत्साह दहा वर्षांनी जसा कमी होतो तसा तो कोणत्याही रंगपेटीत मिळत नाही.

ही कल्पना एकट्या हेलेनाबाईंची नव्हे, हे सांगितले पाहिजे. पूर्व जर्मनीत विनफ्रीड युंगे यांनी १९६१ साली गोल्झो नावाच्या गावच्या शाळेतली मुले निवडली आणि त्यांचे चित्रण २००७ पर्यंत चालू ठेवले. इंग्लंडमध्ये १९६४ साली सात वर्षांची चौदा मुले दूरचित्रवाणीसाठी निवडली गेली. मायकल ॲप्टेड दर सात वर्षांनी त्यांच्याकडे जात. त्यांचा शेवटचा भाग २०१९ सालचा, म्हणजे मुलांच्या त्रेसष्टाव्या वर्षीचा. २०२१ साली ॲप्टेड गेले. इंग्लंडमधला हेतू उघडच समाजशास्त्रीय होता: श्रीमंताचे पोर आणि गरिबाचे पोर, दोघांचे पुढे काय होते? आणि सात वर्षांनी भेटणे म्हणजे लग्नकार्यात दूरच्या नातेवाइकाला भेटण्यासारखे. हेलेनाबाईंचे जाणे जास्त जवळच्या माणसाचे. वर्षातून दोनतीनदा येणारी बाई कधी अगदी नको त्या वेळी येऊन ठेपते, आणि मग तिच्यापासून काही लपवता येत नाही. गुंतागुंत सुरू होते ती इथेच.

१९८९च्या नोव्हेंबरात प्रागच्या रस्त्यांवर लाखो लोक उतरले आणि राजवट कोसळली. १९९३च्या पहिल्या दिवशी देशाचेच दोन देश झाले. बाईंचे काम बदलले ते इतकेच की फिल्मच्या जागी स्वस्त व्हिडिओ आला, जास्त वेळ चित्रण करता येऊ लागले, आणि सरकारी पगाराच्या जागी पैशांची विवंचना आली. चौदा-पंधरा वर्षांनी पुरे होईल अशा चित्राला आज पैसे कोण देणार? त्यासाठी १९९४ साली त्यांनी 'माणूस आणि काळ' या अर्थाच्या नावाची एक संस्था काढली. एकाच वेळी अनेक माणसांचे चित्रण चालू ठेवायचे, त्यातले कोणते चित्र केव्हा पिकेल ते काळावर सोपवायचे, असा त्यांचा क्रम पडला.

राजवट कोसळली त्याच साली त्यांना एक सतरा वर्षांचा मुलगा भेटला. अल्पवयीन गुन्हेगारांच्या तुरुंगात होता. त्याचे नाव रेने, आणि २००८ साली पुऱ्या झालेल्या चित्राचेही नाव 'रेने'. हा मुलगा तुरुंगातून सुटे, काही दिवसांत चोरी करी, पुन्हा आत जाई. दरोडेखोरी वगैरे भव्य काही नाही, नुसत्या घरफोड्या. मानेवर त्याने इंग्रजीत एक शिवी गोंदवून घेतली होती, आणि तीही स्पेलिंग चुकवून. पण हाच मुलगा तुरुंगातून बाईंना लांबलचक पत्रे लिही. त्याला वाचनाचे वेड होते, आणि त्याची पुस्तकेही पुढे प्रसिद्ध झाली. चित्रात त्याची पत्रे ऐकू येत राहतात आणि मधूनमधून दूरचित्रवाणीच्या बातम्या दिसतात. बाहेर राष्ट्राध्यक्ष बदलत आहेत, देश बदलतो आहे. आत फक्त कोठडी बदलते आहे.

वीस वर्षे चाललेल्या या ओळखीत एक प्रकार असा घडला की तो एखाद्या कथेत घातला असता तर संपादकाने 'ओढूनताणून आणला आहे' म्हणून खोडला असता. रेने एकदा बाहेर असताना त्याने हेलेनाबाईंचेच घर फोडले. ज्या बाई आपल्याला वर्षानुवर्षे भेटायला येतात, त्यांच्या घरी चोरी! आपण असतो तर काय केले असते? बहुतेकांनी पोलिसांत जाऊन कॅमेरा मिटला असता. बाईंनी चित्रण चालू ठेवले आणि ही घटना चित्रात घातली. त्यांच्यावर याबद्दल टीका करणारे म्हणतील की हा तर पक्का धंदेवाईकपणा झाला, चोरीतूनसुद्धा चित्र काढले. मला ते तसे वाटत नाही. पंधरा-वीस वर्षे एक माणूस दुसऱ्याच्या आयुष्यातले खाजगी ते ते उचलून नेत होता, परवानगीने का असेना. एकदा दुसऱ्याने पहिल्याच्या घरातले उचलले. पहिल्याने हे लपवले असते तर मात्र ते चित्र खोटे ठरले असते. त्या वर्षीच्या सर्वोत्कृष्ट अनुबोधपटाचा युरोपीय चित्रपट अकादमीचा पुरस्कार 'रेने'ला मिळाला.

पण माझ्या मनात जास्त घोळत राहते ते 'मार्सेला' नावाचे २००६ सालचे चित्र. त्या सहा जोडप्यांपैकी ही एक. लग्न लवकर मोडले. एका मुलीला घेऊन बाई एकटी राहिली. नोकऱ्या लागल्या, सुटल्या, दुखणी आली. सामान्य बाईचे सामान्य आयुष्य. आणि चित्रणाच्या अखेरच्या काळात तिची ती मुलगी अकाली गेली. कॅमेरा त्यानंतरही तिच्याकडे गेला. हे दूरचित्रवाणीवर दाखवले गेले तेव्हा चेक प्रेक्षकांनी एक वेगळेच काम केले: त्यांनी पत्रे लिहिली, तिच्यासाठी पैसे जमवले. ज्या बाईला तिच्या गल्लीबाहेर कोणी ओळखत नव्हते तिच्या घरी अनोळखी माणसांची मदत येऊन पडली.

हे ऐकून बरे वाटते. पण थोडे थांबून विचार करा. १९८० साली त्या मुलीने हो म्हटले ते कशाला? आपल्या लग्नाची आणि पहिल्या काही वर्षांची हकीगत सांगायला. विशीतल्या माणसाने दिलेला होकार पंचेचाळिशीपर्यंत पुरतो का? त्या वेळी कोणाला ठाऊक होते की आपल्या वाट्याला घटस्फोट येणार आहे, मुलीचे दुःख येणार आहे, आणि ते शेजारीपाजारी रात्री जेवता जेवता पाहणार आहेत? या प्रश्नाला उत्तर नाही, आणि कागदावरच्या सहीत तर मुळीच नाही. एकच खरे की एकदा येऊन चित्र काढून जाणाऱ्याला हा प्रश्न पडतच नाही. तो गेलेला असतो. ज्याला पुढच्या वर्षी पुन्हा त्याच दारावर टकटक करायची आहे त्याला उत्तर देत राहावे लागते, आणि दार न उघडण्याचा हक्क प्रत्येक खेपेला त्या घरातल्या माणसाकडे असतो.

'कात्का' (२०१०) या चित्रात हा प्रश्न आणखी टोकाला जातो. एकोणीस वर्षांची मुलगी, मादक द्रव्यांच्या आहारी गेलेली. उपचार घेते आहे, सांगते आहे की मला साधा संसार हवा. पुढली चौदा वर्षे आपण तिला खचत जाताना पाहतो. तिला मूल होते, तेही तिच्यापाशी राहू शकत नाही. कॅमेऱ्यामागून बाईंचा आवाज येतो. कधी विचारणारा, कधी समजावणारा. प्रेक्षक चिडून म्हणतो, अहो, कॅमेरा खाली ठेवा आणि तिला हाताला धरून दवाखान्यात न्या! हा राग चांगला आहे. पण ज्यांच्या घरात असे कोणी आहे त्यांना विचारून पाहावे. हाताला धरून नेलेले माणूस पंधरा दिवसांत परत येते हे ते सांगतील. त्या चित्रातले भयंकर काही असेल तर ते हेच, की आपण चौदा वर्षे पाहतो आणि आपल्याला कळत जाते की पाहणाऱ्याच्या हातात किती थोडे आहे.

नाही म्हणायला याच्या उलट चित्रही त्यांच्या हाती आले, तेही काळ वेचता वेचताच. २०१५ सालचे 'मॅलरी' हे तेरा वर्षांचे चित्रण. हीसुद्धा व्यसनात बुडालेली बाई, पण मुलाच्या जन्मानंतर तिने व्यसन सोडले. घर नाही, मोटारीत झोपण्याची पाळी आलेली. तरी सरकारी कचेऱ्यांचे उंबरे झिजवीत ती उभी राहिली आणि अखेर आपल्यासारख्याच लोकांना मदत करण्याच्या कामाला लागली. चित्रण सुरू करताना या दोघींपैकी कोण बुडणार आणि कोण तरणार हे सांगणे बाईंनाही शक्य नव्हते. पटकथा लिहिणाऱ्याला शेवट आधी ठाऊक असतो. इथे तो कोणालाच ठाऊक नसतो, आणि म्हणूनच 'मॅलरी'च्या शेवटी जो आनंद होतो तो फुकटचा वाटत नाही.

मध्येच एक गमतीची गोष्ट. जानेवारी २००७ मध्ये हेलेनाबाई आपल्या देशाच्या सांस्कृतिक खात्याच्या मंत्री झाल्या. तीन आठवडेही पुरे झाले नव्हते तोच त्यांनी राजीनामा दिला. एका माणसामागे वीस वर्षे घालवणाऱ्या बाईंच्या चरित्रातले हे सर्वांत आखूड प्रकरण!

आता त्या पहिल्या मैत्रिणीच्या घराकडे वळू. 'चमत्कार'मध्ये जन्मलेले ते मूल मोठे झाले, शाळेत गेले, केस वाढवून आईबापांशी वाद घालू लागले. घरात रोजनिशी लिहिली जाई. बाई येत-जात होत्या. सदतीस वर्षांचे हे चित्रण २०११ साली 'खाजगी विश्व' या नावाने पुढे आले. त्यात घरातल्या साध्या प्रसंगांच्या जोडीला अंतराळप्रवासाच्या बातम्या गुंफलेल्या आहेत. १९७८ साली व्लादिमीर रेमेक हा चेक वैमानिक सोव्हिएत यानातून अंतराळात गेला. सोव्हिएत किंवा अमेरिकन नसलेला तो पहिला अंतराळवीर. त्याच योजनेतून पुढे १९८४ साली आपले राकेश शर्मा गेले, तेव्हा आपल्याकडेही घराघरांत हीच चर्चा होती. पडद्यावर एकीकडे यान उडते आहे आणि दुसरीकडे पोर बशीतले जेवण संपवत नाही म्हणून आई वैतागली आहे. दोन्ही गोष्टींना बाई सारखीच जागा देतात. चित्र पाहून उठल्यावर त्या यानाचे नाव विसरायला होते. बशी मात्र लक्षात राहते.

त्या सहा जोडप्यांतले एक अजून एकत्र आहे. पाच मुले, १९८९ नंतर उभारलेला स्वतःचा व्यवसाय, कामावरून होणारी न संपणारी वादावादी. त्यांच्या पस्तीस वर्षांच्या संसाराचे चित्र 'स्ट्रनाड मंडळी' २०१७ साली आले. त्याच सुमारास बाईंनी नव्या शतकातल्या काही नव्या जोडप्यांची मालिकाही पुरी केली. आणि रेने? २०२१ साली त्याच्यावरचे दुसरे चित्र आले. सतराव्या वर्षी भेटलेला तो मुलगा आता पन्नाशीच्या घरात पोचला आहे, आणि प्रश्न विचारणारा आवाज अजून तोच आहे.